धुऱ्यावरचा गोटा

माझ्या बापाच्या डोक्यात खड्डा होता. डाव्या बाजूला, वर, टोपीत झाकला जाईल अशा जागी. माझ्या अंगठ्याचं पेर त्यात नीट बसायचं. गाव म्हणायचं, बंडीवरून, म्हणजे बैलगाडीवरून, पडला. काका म्हणजे बापाचा सख्खा धाकटा भाऊ. तोही तेच म्हणायचा. त्यानंच तर बापाला शेतातून आणून घरात टाकलं होतं. बापाला विचारायची सोय नव्हती. त्या दिवशी त्याचं उजवं अंग गेलं आणि वाचा गेली, ती गेलीच.

मी मात्र मिसरूड फुटायच्या आधीपासून धरून चाललो होतो की तो पडला नाही, त्याला मारलं. कोणी मारलं हेही मी ठरवून टाकलं होतं. नव्हता तो फक्त पुरावा.

भांडण धुऱ्याचं. दोन वावरांमधल्या बांधाला आमच्याकडे धुरा म्हणतात, आणि धुऱ्यावरून आमच्या भागात जेवढी डोकी फुटली तेवढी दारूवरूनही फुटली नसतील. बोरी अरबच्या बाजूला आमचं वावर. आजोबानं वाटणी केली तेव्हा ते मधोमध कापलं आणि खुणेला नवे दगड रोवले नाहीत. वावरात मोठमोठ्या काळ्या गोट्यांचा एक गोल आधीपासून होता. त्यातला उत्तरेचा एक आणि दक्षिणेचा एक असे दोन मोठे गोटे त्यानं धुऱ्याची खूण म्हणून धरले. गाव त्यांना गवळ्यांचे गोटे म्हणे. कधीकाळी इथं गवळी राजा होता, हा त्याच्या ढोरांचा कोंडवाडा, अशी गोष्ट. गोष्टीला चिकटून एक धाकही होता: गवळ्याचा गोटा जो हलवेल त्याचा बैल त्याच वर्षी मरेल. म्हणून आजोबाला ही खूण पक्की वाटली.

पण उत्तरेकडे गोल वाकडा झाला होता. तिथला मोठा गोटा रांग सोडून हातभर आमच्या वावरात शिरला होता. बापाचं म्हणणं, भावानं उन्हाळ्यात पहारी लावून, बैल जुंपून तो सरकवला. त्याच वर्षी काकाचा एक बैल नाल्यात कोसळून मान मोडून मेला, आणि मग बापाला दुसरा पुरावा लागला नाही. पोळ्याच्या दिवशी सगळ्या गावाच्या जोड्या सजून तोरणाखाली उभ्या होत्या. काका एकच बैल घेऊन आला होता. झडत्या, म्हणजे एकमेकांना टोमणे मारायच्या त्या आरोळ्या, अजून सुरूही झाल्या नव्हत्या. बाप गर्दीतून ओरडला, "गोटा हलवला म्हून बैल गेला त्याचा! भावाचं वावर पचते का रे, चोरा?"

लोक हसले. काका बैलाची वेसण धरून खाली बघत राहिला, असं माय सांगायची.

पोळ्यानंतर काही दिवसांनीच बाप काकाच्या बंडीत आडवा होऊन घरी आला. डोक्याला काकाचाच शेला गुंडाळलेला आणि तो रक्तानं वाळून कडक झालेला. मायनं तो कापून काढला.

पुढची सगळी वर्षं मायनं त्याला कण्या भरवल्या. घास डाव्या गालात ठेवावा लागे, उजवीकडून ओघळून जायचा. माणूस खाताना रडतो तेव्हा कसा आवाज येतो तो मला माहीत आहे. चिडला की डाव्या हाताची मूठ वळून स्वतःच्या टोपीवर मारायचा. ठक, ठक, ठक. शेजारी म्हणत, डोकं दुखत असन बिचाऱ्याचं. मी म्हणे, सांगून राह्यला तो. ऐका ना!

तो मेला तेव्हा काका खांदा द्यायला पुढे आला. मी त्याच्या छातीवर लाथ घातली. तिरडी जमिनीवर, माय ओरडते आहे, आणि मी आणि काकाचा मुलगा फुलांच्या पाटीवर एकमेकांची गचांडी धरून लोळतो आहोत. बापाची शेवटची यात्रा अशी निघाली.

शाळा त्याआधीच सुटली होती. दारव्ह्याच्या बाजारात मी बैलांच्या दलालांकडे राहिलो. रुमालाखाली बोटं धरून भाव कसा करतात ते तिथं शिकलो. आणखी दोन गोष्टी शिकलो. आधी बोलतो तो हरतो. आणि घासाघीस न करता जो माल देऊन टाकतो त्याच्या मालात खोट असते. एकदा एका व्यापाऱ्यानं रुमालाखाली माझं बोट उलटं पिरगाळलं, मी भाव खाली आणावा म्हणून. मी बोट सोडवून घेतलं नाही. मोकळ्या हातानं त्याच्या नाकाचं हाड मोडलं आणि रुमाल तसाच धरून म्हटलं, "आता बोल." सौदा माझ्या भावानं झाला. ते बोट अजून सरळ होत नाही.

बैलांवरून मुरुमावर आलो. आधी दुसऱ्याचा टिप्पर चालवला, मग माझा आला, मग जेसीबी आली. फुकट कुणी काही दिलं नाही आणि मी मागितलंही नाही. टिप्परच्या सीटमागं मात्र एक उभारी कायम ठेवली. उभारी म्हणजे बंडीच्या कडेला रोवतात तो बाभळीचा दांडका. गावातल्या निम्म्या मारामाऱ्या उभारीनंच होतात, हाताशी तीच असते. ही आमच्या मोडक्या बंडीची होती. ती कोणासाठी ठेवली होती ते ड्रायव्हरलासुद्धा माहीत होतं.

मग त्या मॅडम आल्या. जुन्या माणसांच्या जागा खणून अभ्यास करणाऱ्या प्राध्यापक. सोबत पाचसहा विद्यार्थी. गोल बघून त्यांचे डोळे चमकले. मला म्हणाल्या, "हा कोंडवाडा नाही, ही थडगी आहेत. लिहिणं-वाचणं सुरू व्हायच्या आधीची माणसं. लोखंड वापरायची. मेलेल्याला मध्ये ठेवून भोवती दगड लावायची. अर्धा गोल तुमच्या शेतात आहे, अर्धा तुमच्या काकांच्या. दोघांचा होकार हवा."

"काका काय म्हणाले?"

"लगेच हो म्हणाले. चहाही दिला."

तिथंच मला वास आला. घासाघीस न करता होकार दिला म्हणजे काहीतरी लपवतो आहे. म्हातारा भोळेपणाचं सोंग करतो, असं मी धरलं. मी मॅडमना बरेच दिवस लटकवलं. पिकाच्या नुकसानीचं त्या बोलल्या, ते उडवून लावलं. शेवटी त्या वैतागून म्हणाल्या, "तुम्हाला नेमकं हवंय तरी काय?"

आधी त्या बोलल्या. मग मी बोललो.

"उत्तरेचा मोठा गोटा उचलायचा. तो मूळ जागेवर आहे का मागून सरकवला ते सांगायचं. मोठ्यानं, सगळ्यांसमोर. अन मंग जिथं असायले पाह्यजे तिथं परत ठेवायचा. कळते ना तुमच्या शास्त्रात?"

"कळतं. पण सरकवलेला नसला तर?"

"सरकवलेला आहे."

"मी आधी उत्तर ठरवून खणत नाही," त्या म्हणाल्या.

"खणा तं खरं," मी म्हटलं.

उन्हं तापायच्या आधीचे दिवस होते. मजूर गावातलेच. पाण्याचा टँकर माझा, म्हणून मला तिथं रोज जायला निमित्त होतं. आधी मुरूम निघाला, मग काळी चिकट माती, आणि मग लोखंड. पहिली निघाली ती कुऱ्हाड. गंजून फुगलेली, पण धार कोणत्या अंगाला होती ते कळत होतं. मग भाल्याचं पातं, मग खंजिरासारखं काहीतरी. विद्यार्थी बारीक ब्रशनं माती झाडत होते, जखम पुसावी तसे.

मी मॅडमना म्हटलं, "डवरा नाई, विळा नाई. सगळं मारायचंच सामान."

"कुऱ्हाड झाड तोडायलाही लागते," त्या म्हणाल्या.

"हाव. आमच्या गावातही कुऱ्हाड झाडासाठीच इकत घेतात."

मजूर हसले. मॅडम हसल्या नाहीत.

काका रोज सकाळी यायचा आणि धुऱ्यावर, आपल्या बाजूला, पांढरी टोपी घालून बसायचा. सुकून काडी झालेला. आम्ही बोलत नव्हतो. बापाच्या तिरडीनंतर आमच्यात एक शब्द झाला नव्हता. तो खड्ड्यात वाकून बघायचा नाही, त्या उत्तरेच्या गोट्याकडे बघत राहायचा. मला वाटायचं, घाबरला.

मग कवटी निघाली. बाकी हाडांचा भुगा झाला होता, पण कवटी बरीचशी शाबूत होती. मॅडम गुडघ्यावर बसून तिच्याकडे बराच वेळ बघत राहिल्या आणि विद्यार्थ्यांना बोलावून दाखवू लागल्या. डाव्या बाजूला, वर, एक खड्डा होता.

मी त्यांना बाजूला सारून खड्ड्यात उतरलो. एक विद्यार्थी ओरडला, "दादा, पाय, पाय!" मी ऐकलं नाही. अंगठा पुढे केला तेव्हा मॅडमनी माझं मनगट धरलं.

"हात नका लावू. बघा. याच्या कडा गोल झाल्या आहेत. हाड परत भरत आलं होतं. म्हणजे मार बसल्यावर हा माणूस लगेच मेला नाही. जगला, चांगला बराच काळ जगला. नुसता पडून राहिला असेल तर कुणीतरी त्याला सांभाळलं, खाऊ घातलं."

माझ्या तोंडात कण्यांची चव आली.

"पडला असन कुठून तरी," मी म्हटलं. का म्हटलं, देव जाणे. गावाचंच वाक्य माझ्या तोंडून निघालं.

"असू शकतं. खात्री कोणीच देणार नाही. पण पडणाऱ्याला बहुतेकदा टोपीची कड जिथं येते तिथं किंवा त्याच्या खाली लागतं. टोपीच्या आत, इतक्या वर लागलं की पहिला संशय फटक्याचा येतो. समोर उभ्या असलेल्या, उजव्या हाताच्या माणसानं काहीतरी बोथट मारलं तर ते साधारण इथंच बसतं. डावीकडे, वर."

मी वर बघितलं. धुऱ्यावर काका उठून उभा राहिला होता. सगळं ऐकू गेलं होतं त्याला. त्याचा हात आपोआप स्वतःच्या टोपीवर गेला होता. डावीकडे, वर.

मी टिप्परकडे चालू लागलो. उभारी काढून परत येईपर्यंत तो निघून गेला होता.

दुसऱ्या दिवशी गोटा उचलायचा होता. मी जेसीबी घेऊन पोचलो तर काकाचा मुलगा, माझा चुलतभाऊ, ट्रॅक्टरला रोटावेटर जोडून वावरात उभा. फिरती पाती, धूळ, आणि तो सरळ खड्ड्याच्या रोखानं येतो आहे. रात्रीतून गावात पसरलं होतं की डोकं निघालं, मारलेलं आहे, आणि आता गोटा निघाला की धुरा हातभर त्यांच्या वावरात जाणार.

"माह्या बापाचं वावर खोदून खाता काय बे!" तो ओरडत होता. विद्यार्थिनी किंचाळत बाजूला झाल्या. मॅडम मात्र कवटीवर झाकलेल्या ताडपत्रीसमोर हात पसरून उभ्याच राहिल्या. त्या बाईंच्या जागी मी असतो तर पळालो असतो.

जेसीबी मी त्याच्या पुढच्या चाकात घातली. ट्रॅक्टर कलंडता कलंडता राहिला. त्याला सीटवरून ओढून खाली पाडला. त्यानं पडता पडता पाना उचलला आणि माझ्या भुवईवर मारला. एका डोळ्यात रक्त उतरलं. दुसऱ्या डोळ्यानं मला त्याचं तोंड दिसत होतं, मी त्यावर मारत राहिलो. त्याचा दात माझ्या बोटात रुतला, त्याच वाकड्या बोटात. तो माझ्या पोटात गुडघे मारत होता आणि माझ्या बापाला शिव्या देत होता. मजुरांनी आम्हाला सोडवलं नाही. एकजण बिडी पेटवत म्हणाला, "होऊ द्या बाप्पा. लय दिवसाचं साचलं आहे."

सोडवलं ते काकाच्या काठीनं. आधी माझ्या पाठीत एक, मग मुलाच्या पाठीत एक.

"उठ बे. ट्रॅक्टर बंद कर."

मुलगा तोंडातलं रक्त थुंकत म्हणाला, "बाबा, आपलं वावर जाईन ना!"

"जाईन तं जाईन. गोटा काढू दे."

मला काहीच समजेना. कालपासून जेसीबीत टाकलेली उभारी मी उचलून आणली होती, ती हातात होती, आणि म्हातारा माझ्याकडे बघतसुद्धा नव्हता.

"काढ ना," तो गोट्याकडे हात करत म्हणाला. तिरडीनंतरचा तो पहिला शब्द. "कायले थांबला?"

मी रुमालानं भुवई बांधली आणि जेसीबीवर चढलो. गोट्याला पट्टे लावले. तो सुटताना जमिनीनं चटका बसल्यासारखा आवाज केला. बाजूला ठेवला. सगळं गाव गोळा झालं होतं, मारामारीची खबर गोट्याच्या खबरीपेक्षा जोरात पळाली होती. मॅडम त्या मोकळ्या जागेवर बसल्या. गवंड्याची असते तशी करणी घेऊन एक थर काढला, मग दुसरा. ऊन चढत गेलं. कोणी हललं नाही. मी उभारी घेऊन काकाच्या समोर उभा होतो, मधे धुरा.

मॅडम उठल्या. त्यांनी आधी माझ्याकडे बघितलं, मग सगळ्यांकडे.

"या दगडाखाली छोट्या गोट्यांची बैठक आहे," त्या मोठ्यानं म्हणाल्या, ठरल्याप्रमाणे. "दगड डगमगू नये म्हणून ते लोक ती घालायचे. बैठक जशीच्या तशी आहे, त्यावर त्याच काळातलं फुटकं भांडं दबलेलं आहे. हा दगड त्यांनी ठेवला त्या दिवसापासून जागचा हललेला नाही. काकांच्या बाजूला बघा, लगेच खडक लागतो. तिथं तो बसला नसता. म्हणून त्यांनीच हातभर या बाजूला घेतला. गोल पहिल्यापासून असाच वाकडा आहे."

दूर कुठेतरी पंपाचा आवाज येत होता.

बैल नाल्यात पडला म्हणून मेला होता, बस. हजारो वर्षांपूर्वी कुणाला तरी खडक आडवा आला, त्याचं खापर माझ्या बापानं भावाच्या माथी फोडलं.

काका धुरा ओलांडून माझ्या वावरात आला. गावाकडे तोंड करून बोलला.

"ऐकलं ना? आता माहं ऐका. बंडीवरून नाई पडला तो. म्या मारलं. उभारीनं. पोळ्यात चोर म्हणे, वावरात आला तई बी चोरच म्हणे, गोट्यावर लाथ मारू मारू म्हणे. एकच मारली." मग माझ्याकडे वळला. "तुले कोणी सांगावं असं पाह्यजे होतं. सांगतलं."

ज्यासाठी इतकी वर्षं दात खाल्ले ते त्यानं असं पुढ्यात टाकलं, आणि मला ते उचलता येईना.

"एका शब्दासाठी, काका? एका शब्दासाठी त्याले जनमभर मुका केला?"

"मी त्याच्यानंतर तोरणाखाली कधी उभा राह्यलो? पाह्यलं का तू कधी?"

मी आठवून बघितलं. नाही बघितलं. त्याची जोडी नेहमी सालदार गडी घेऊन यायचा.

"चोर हा शब्द अन उभारी एका भावात नाई जात, काका."

"नाई जात," तो म्हणाला. "मंग फरक काढून घे." आणि त्यानं टोपी काढली.

चुलतभाऊ "बाबा!" म्हणून ओरडला. माझा हात उभारीसकट वर गेला होता. त्या टकलावर उन्हाचा डाग पडला होता, डावीकडे, वर, कुठे मारायचं ते दाखवल्यासारखा. मी उभारी सोडून दिली आणि म्हाताऱ्याच्या कानाखाली हात ओढला. सगळ्या ताकदीनं. तो गुडघ्यावर बसला, टोपी मातीत गेली. बाया "अगं माय" म्हणाल्या. मॅडमनी तोंडावर हात ठेवला.

तो स्वतःच उठला. टोपी उचलली, झटकली, घातली. ओठाच्या कोपऱ्यातून रक्त येत होतं.

"झालं? आता तू बोल."

"काय बोलू?"

"तुह्या बापाकडचं देणं राह्यलं ना."

रुमालाखाली मी किती जणांची बोटं मोडली असतील. पण त्या वेळी माझा सौदा त्यानं धरला होता आणि मला सोडवता येत नव्हता.

"गोटा हलला नव्हता," मी म्हटलं.

"जोरानं बोल. मागच्यांले नाई आलं ऐकू."

"गोटा हलला नव्हता! काकानं चोरी नाई केली!"

माझा आवाज फाटला. माझ्या बापाला मी गावासमोर खोटं पाडलं, तेही त्याच्या मारेकऱ्याच्या सांगण्यावरून. याचा राग मला अजून आहे. काकावर आहे, बापावर आहे, खणायला आलेल्या मॅडमवरही थोडा आहे. आणि ती थप्पड कमी पडली का जास्त झाली, हे ठरवता येत नाही म्हणून स्वतःवर.

दुपारी मॅडमचं काम झालं आणि गोटा परत ठेवायची वेळ आली. अट माझीच होती. पट्टे लावून उचलला. वरून बैठक दिसत नाही, खाली कोणीतरी उभं राहून सांगावं लागतं. मजूर पुढे झाला तर काकानं त्याला बाजूला केलं आणि स्वतः उभा राहिला. गाल सुजलेला. माझ्या भुवईचं रक्त वाळून डोळा निम्मा मिटलेला.

"इकडं. आणिक इकडं. हळू बे, हळू."

लिव्हर माझ्या हातात होता. तो गोट्याच्या अगदी जवळ उभा होता. पट्टा जरा सैल सोडला असता तर तो त्याच्या पायावर आला असता. हातभर पलीकडे सोडला असता तर बापाचा धुरा बापाला मिळाला असता. दोन्ही माझ्या मनात येऊन गेलं, आणि ते त्याला कळलं होतं. तरी तो मागे सरकला नाही.

"बस," तो म्हणाला. "इथंच."

मी तिथंच सोडला.